आठवी लेव्हल

चौसष्ट केबी. त्यातच सगळं बसवायचं:
नायक, बंदूक, सात लेव्हल, गोळ्या संपल्याची खटखट
आणि कंपनीचं नाव. ते मात्र पूर्ण.
धरमपेठेत झेरॉक्सच्या दुकानावर दोन खोल्यांचं ऑफिस,
मे महिन्यात कुलरची खससुद्धा करपायची
आणि टेबलावरचे एकोणीस हँडसेट
कोणी हात न लावताच तापायचे.

कुंडलिक नंदनवार चित्रं काढायचा.
गोळीबार चौकाकडे त्याच्या घरी पूर्वी माग होता,
वडील काठाची नक्षी चौकटीच्या कागदावर मांडायचे,
एक चौकोन, एक धागा.
कुंडलिकला सोळा बाय चोवीस चौकोन मिळाले
अख्खा माणूस काढायला.
डोळ्याला एक ठिपका. तोंडाला काहीच नाही.
"तोंड कायले पाह्यजे? बोलनार हाये का थो?"

आधी नायक आठ चित्रांत धावायचा.
मी म्हटलं, पाच कर.
मग चार.
शेवटी तीनच चित्रांत धावू लागला,
टाचेत काटा मोडल्यासारखा, लंगडत,
आणि कुंडलिक दोन दिवस माझ्याशी बोलला नाही.

पाऊस काढला. मागचे डोंगर काढले.
शत्रूसाठी वेगळं चित्र परवडेना
म्हणून नायकालाच उलटं फिरवून
लाल शर्ट घातला.
म्हणजे सातही लेव्हलभर पोरं
त्यालाच मारत राहिली,
त्याच्याच हातून.

दोनवर उडी, पाचवर गोळी.
दोन्ही एकदम दाबली तर फोनला एकच कळायचं,
जे आधी पोचेल ते.
आवाजाचंही तसंच: धून वाजेल किंवा स्फोट होईल.
आम्ही स्फोट ठेवला.
आणि ऐन उडीत कोणाच्या आईचा फोन आला
तर नायक हवेतच थांबायचा,
"येताना दही आणजो" संपेपर्यंत.
काही हँडसेटवर मग त्याला
उतरायचं कुठे तेच आठवायचं नाही,
थेट जमिनीतून खाली जायचा,
खाली,
स्कोअरच्या आकड्यांखालून कुठेतरी.
दोष क्रमांक एकशे बारा. शेवटपर्यंत सापडला नाही.

आठव्या लेव्हलला राक्षस ठरला होता.
कुंडलिकनं तो वडिलांच्या उरलेल्या कागदावर काढला,
चार मुंडकी, शेपटीला गाठी,
दोन रात्री जागून.
राक्षस सात केबी मागत होता,
आमच्याकडे अकरा बाइट होते.
सातव्या दरवाज्यामागे मी रोमन अक्षरांत
'शाब्बास' लिहिलं. त्याला सात लागले.
मग खेळ परत पहिल्यापासून.
कागदाचं पुढे काय झालं
मी विचारलं नाही.

परवा मोदी नंबर तीनमध्ये
चार्जिंगची पिन बदलून घेत होतो.
दुरुस्तीवाला दुर्वेश, डोळ्याला भिंग,
पाटीवर जुन्या फोनांची हाडं.
कसा कोण जाणे, त्याच खेळाचा विषय निघाला.
"थ्यात आठवी लेव्हल होती ना, भाऊ.
सक्करदऱ्याच्या एका पोट्ट्यानं खोलली होती.
म्या या डोयानं पाह्यली.
असा राक्षस, का डरकाळी फोडली
का हातातला फोन थरथरे.
अन् मांगं पानी पडून राह्यला होता, धो धो."

सांगायला हवं होतं.
तो फोन थरथरू शकत नव्हता,
त्या मॉडेलला ती सोयच नव्हती,
आणि पाऊस मीच काढला होता, एका मंगळवारी,
जेवणाच्या सुटीआधी.

"पाच मुंडकी होती त्याले," तो म्हणाला.

"चार," माझ्या तोंडून गेलं.

त्यानं सोल्डरची सळई बाजूला ठेवली,
भिंग कपाळावर सरकवलं,
पहिल्यांदाच माझ्याकडे नीट बघितलं.

"म्हंजे तुमी बी पाह्यली."